डबल्स खेळून झालं, आता शिकवायचं: नागपुरातल्या नव्या कोचसाठी

बॅडमिंटनमधला डबल्सचा चांगला खेळाडू कोच झाला की पहिल्या महिन्यात एक चूक हमखास करतो. बॅचमध्ये चौथा भिडू कमी पडला की स्वतःच कोर्टावर उतरतो. दोन तासांत पोरांना घाम भरपूर येतो, मजाही येते, पण कोणाची सर्व्हिस उंच जाते आणि स्मॅश मारून कोण जागेवरच उभा राहतो, हे कोणी पाहिलेलंच नसतं. कोचची जागा जाळीच्या खांबाजवळ नाहीतर कोर्टाच्या मागे, हाताशी शटलची टोपली. पहिले तीन महिने बॅचच्या वेळेत मॅच खेळायची नाही, असा नियमच करून टाका.

डेन्मार्कच्या मथियास बोची कारकीर्द या कामासाठी नीट पाहण्यासारखी आहे. बो डावखुरा, त्याचा जोडीदार कार्स्टन मॉगेन्सन उजव्या हाताचा. दोघांनी 2011 आणि 2015 ला ऑल इंग्लंड ही मानाची स्पर्धा जिंकली. 2012 च्या लंडन ऑलिंपिकमध्ये त्यांना रौप्य मिळालं. फायनलला चीनच्या काय युन आणि फू हायफेंगने त्यांना 21-16, 21-15 असं हरवलं. 2020 च्या एप्रिलमध्ये बो निवृत्त झाला आणि पुढच्याच वर्षी सात्विकसाईराज रंकीरेड्डी आणि चिराग शेट्टी या डबल्स जोडीचा कोच म्हणून भारतात आला. ही जोडी त्याने जुळवलेली नव्हती. ते काम मलेशियाचे कोच टॅन किम हर यांनी आधीच केलं होतं. शिवाय दोघंही उजव्या हाताचे. म्हणजे डाव्या-उजव्या जोडीच्या ज्या फिरण्यावर बोची सगळी खेळी उभी होती, ती इथे जशीच्या तशी चालणार नव्हती. तरी 2022 चा थॉमस कप (पुरुषांची जागतिक सांघिक स्पर्धा), त्याच वर्षी राष्ट्रकुलचं सुवर्ण, 2023 ला आशियाई अजिंक्यपद आणि हांगझोऊ एशियाडचं सुवर्ण, मग जागतिक क्रमवारीत पहिला नंबर, हे सगळं त्याच काळात आलं. पॅरिस 2024 नंतर बोने कोचिंगही थांबवलं.

आपले फटके मुलांना देता येत नाहीत, हे नव्या कोचने यातून घ्यावं. सर्व्हिसपासूनचे पहिले चार फटके, फटक्यानंतर कुठे जायचं याची शिस्त आणि मॅचमध्ये बाहेरून दिसलेली एखादी गोष्ट, हे मात्र देता येतं.

कागदपत्रं

जागतिक बॅडमिंटन महासंघाचा 'शटल टाइम' हा शाळेतल्या मुलांना शिकवण्याचा अभ्यासक्रम फुकट आहे, आधी तो करा. मग त्याच महासंघाचा लेव्हल 1 कोचिंग कोर्स. पुढे सरकारी किंवा मोठ्या अकादमीत नोकरी हवी असेल तर पतियाळाच्या राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा डिप्लोमा, ज्याला सगळे नुसतं 'एनआयएस' म्हणतात. प्रथमोपचाराचं प्रशिक्षणही घ्या. पाय मुरगळणं हे डबल्समध्ये रोजचं आहे.

हॉल, ऊन आणि शटल

नागपूर समुद्रसपाटीपासून साधारण 310 मीटरवर. उंचीने फारसा फरक पडत नाही, उन्हाने पडतो. मे महिन्यात पारा 45 च्या घरात जातो, हवा विरळ होते आणि शटल लांब पळतं. जानेवारीच्या सकाळी तेच शटल कोर्टाच्या आतच पडतं. शटलच्या नळीवरचा 75, 76, 77 हा आकडा वेगाचा. आकडा मोठा तसं शटल वेगवान. काही कंपन्या 1 ते 5 असे आकडे देतात, त्यात 3 म्हणजे साधारण 77. हिवाळ्यात 77 घेत असाल तर उन्हाळ्यात 76 किंवा 75 वर उतरा. वर्षभर एकच नंबर वापरला की मे महिन्यात मुलं घाबरून लिफ्ट (खालून उंच मागे मारायचा फटका) आखूड मारायला शिकतात आणि जुलैत त्याच आखूड लिफ्टवर स्मॅश खातात.

वेग तपासायची पद्धत नियमातच आहे. मागच्या रेषेवरून खालून पूर्ण ताकदीने, वरच्या दिशेला आणि बाजूच्या रेषेला समांतर असा फटका मारायचा. शटल समोरच्या मागच्या रेषेच्या 53 ते 99 सेंटिमीटर अलीकडे पडलं तर ते बरोबर. हे दोन्ही टोकांकडून करा. आपल्याकडे हॉलमध्ये डेझर्ट कूलर चालू असतात, त्यांचा झोत एका टोकाकडून दुसरीकडे वाहतो. कूलर बंद करून तपासलेलं शटल कूलर चालू झाल्यावर एका बाजूने बाहेर जातं. झोत आडवा असेल तर सर्व्हिसचा सराव त्या कोर्टवर घेऊ नका, आणि लांबीच्या दिशेने असेल तर प्रत्येक ड्रिल अर्ध्यावर बाजू बदलून घ्या. नाहीतर मुलाला वाटतं आपला पुश (ढकलून मारलेला फटका) सुधारला, आणि सुधारलेला असतो तो वारा.

उन्हाळ्याची दुसरी अडचण कोरडेपणाची. बदकाची किंवा हंसाची 16 पिसं आणि बुचाचा गोळा, एवढ्यावर शटल उभं असतं. पिसं वाळली की दोन स्मॅशमध्ये दांडा मोडतो. उपाय वाफेचा. आदल्या रात्री पातेल्यात पाणी उकळा, नळीची पिसांकडची बाजू वाफेवर दहा-पंधरा सेकंद धरा, झाकण लावा आणि बूच खाली ठेवून नळी रात्रभर उभी करा. बुचाला वाफ लागू द्यायची नाही. लोक इथे एक मिनिटभर वाफ देतात, मग शटल जड होतं, धाग्यांवरचा डिंक सैल पडतो आणि पिसं वाकडी होतात. वाफ दिल्यावर वेग पुन्हा तपासा.

रॅकेट स्कूटरच्या डिक्कीत ठेवू नका, हे पहिल्याच दिवशी सगळ्यांना सांगा. दुपारच्या उन्हात डिक्की तापते आणि गटचा, म्हणजे रॅकेटच्या तारांचा, ताण उतरतो. एप्रिल-मे मध्ये बॅच सकाळी साडेपाचला सुरू करा, दर पंधरा-वीस मिनिटांनी पाणी द्या. डोकं दुखतंय किंवा मळमळतंय म्हणाला की त्या दिवसाचा खेळ तिथेच संपला, त्यावर चर्चा नाही.

सर्व्हिस

सगळ्यात जास्त वेळ इथे द्या. मार खाणारी सर्व्हिस असेल तर बाकीचं सगळं वाया जातं.

2018 पासून नियम असा आहे की रॅकेट लागण्याच्या क्षणी पूर्ण शटल जमिनीपासून 1.15 मीटरच्या खाली हवं. आधी कमरेचा हिशोब होता, त्यामुळे जुन्या खेळाडूंच्या हातात अजून तीच उंची बसलेली असते. तुमच्याही असेल, म्हणून आधी स्वतःची तपासा. एका बांबूला 1.15 वर काळी चिकटपट्टी लावा, तो सर्व्हरच्या बाजूला उभा करा आणि पट्टीच्याच उंचीवर डोळे आणून बाजूने पाहा. उभं राहून वरून पाहिलं तर प्रत्येक सर्व्हिस बरोबरच दिसते. उंच मुलांना याचा जास्त त्रास होतो. त्यांना गुडघे वाकवायला सांगू नका, शटल धरलेला हात शरीरापासून थोडा पुढे आणि खाली घ्यायला सांगा.

बोटांनी फिरवून सोडलेली सर्व्हिस 2023 मध्ये डेन्मार्कच्याच एका खेळाडूमुळे गाजली आणि त्याच वर्षी महासंघाने तिच्यावर बंदी घातली. व्हिडिओ पाहून पोट्टे ती करून बघतात. तिथेच थांबवा.

आता सराव. जाळीच्या दोन खांबांना काठ्या बांधून जाळीच्या पट्टीच्या 30 सेंटिमीटर वर सुतळी ताणा. सर्व्हिस पट्टी आणि सुतळीच्या मधून गेली पाहिजे. समोर तीन ठिकाणी वर्तमानपत्राचा चौथाई कागद ठेवा: मधल्या रेषेचा कोपरा, बाहेरचा कोपरा, आणि रिसीव्हरच्या पोटासमोरची जागा. एका वेळी 30 सर्व्हिस. मोजणी जोडीदार करेल. वीस नीट गेल्या की सुतळी पाच सेंटिमीटर खाली, 15 पर्यंत.

सुतळीखालून जाऊनही सर्व्हिस मार का खाते? कारण बहुतेक वेळा शटल जाळी ओलांडतानाही वर चढत असतं. शटलचा सगळ्यात उंच बिंदू सर्व्हरच्या बाजूला हवा, म्हणजे जाळीवरून ते उतरत जातं. मनगटाने टोचणारा मुलगा हे कधीच साधू शकत नाही. अंगठा रॅकेटच्या मुठीच्या मागच्या रुंद बाजूवर ठेवून, रॅकेट जेमतेम वीतभर मागून, ढकलल्यासारखं पुढे न्यायचं.

दुसऱ्या आठवड्यापासून समोर रिसीव्हर उभा करा, रॅकेट वर, पुढचा पाय रेषेच्या अगदी मागे, पण रेषेला न टेकलेला. रिकाम्या कोर्टात 30 पैकी 25 घालणारा मुलगा इथे बारावर येतो. मग घाबरून तो फ्लिक मारतो, म्हणजे अचानक उंच, मागे जाणारी सर्व्हिस. फ्लिकला बंदी घाला, आठवडाभर. आणि शेवटच्या वीस सर्व्हिस सत्राच्या अखेरीला, पाय थकलेले असताना घ्या.

त्यानंतर चार फटक्यांचा खेळ: सर्व्हिस, परतावा, तिसरा, चौथा, थांबा. पाचवा फटका मारायचा नाही. शटल पडू द्या आणि चौघांना जागेवर गोठवा. सर्व्हरची रॅकेट छातीच्या वर आहे का, मागचा जोडीदार मधोमध आहे की एका बाजूला सरकलाय, हे मुलांना स्वतःच्या डोळ्यांनी दिसतं.

टोपली आणि फीडिंग

फीडिंग म्हणजे कोचने टोपलीतून एकामागून एक शटल टाकणं. त्याला साठ-सत्तर जुनी शटलं पुरतात. एका पाळीत 15 शटल, साधारण वीस सेकंद, मग चाळीस सेकंद ते मिनिटभर विश्रांती, अशा सहा पाळ्या. डबल्समधल्या बहुतेक रॅली दहा सेकंदांच्या आत संपतात, त्यामुळे पन्नास शटल सलग टाकून दमवण्यात अर्थ नाही. विसाव्या शटलनंतर पाय चालत नाहीत आणि मुलगा चुकीची सवय घोटतो.

फीडिंगमध्ये बिघडतं ते एका कारणाने: कोच शटलकडे पाहतो. डोळे खेळाडूच्या रॅकेटवर ठेवा. फटक्यानंतर रॅकेट पुन्हा वर आली की पुढचं शटल सोडा, आली नाही तर सोडू नका. दोन वेळा हात रिकामा राहिला की मूल स्वतःच रॅकेट वर आणतं. हाताने टाकताना बूच पुढे ठेवून टाका, नाहीतर शटल गटांगळ्या खात येतं. स्मॅशचा बचाव शिकवताना मजबूत स्टुलावर उभं राहून वरून मारा. जमिनीवरून मारलेल्या शटलचा कोन खऱ्या स्मॅशसारखा उतरत नाही. आणि पडलेली शटलं प्रत्येक पाळीनंतर उचला.

जोडी

डावा-उजवा मिळाला की लोक खुश होतात, पण फायदा जागा बरोबर घेतली तरच. डावखुरा डाव्या अर्ध्यात आणि उजवा उजव्या अर्ध्यात असेल तर मागच्या दोन्ही कोपऱ्यांतून फोरहँड मिळतो, डोक्यावरून वळून मारावं लागत नाही. मधल्या शटलला मात्र दोघांचाही बॅकहँड येतो. अर्धे उलटे झाले की दोन्ही फोरहँड मधोमध आणि रॅकेटवर रॅकेट. दोघं उजवे असतील तर मधलं शटल कोणाचं हे आधी ठरवा. डाव्या अर्ध्यात उभा असलेला ते फोरहँडने घेतो, म्हणून साधारणपणे ते त्याचं.

ओरडायचे शब्दही ठरवा. 'माझं' आणि 'तुझं' हे गोंगाटात एकसारखेच ऐकू येतात, 'मेरा' आणि 'तेरा' त्याहून जास्त. 'मी' आणि 'घे' ठेवा. आवाज वेगळे, तोंडातून पटकन निघतात.

मॅचमध्ये कोचची खुर्ची

21 च्या गेममध्ये 11 वर 60 सेकंद मिळतात, दोन गेमच्या मध्ये 120. साठ सेकंदांतले पहिले वीस पाणी आणि टॉवेल. मग दोन वाक्यं, जास्त नाही: समोरचे काय करतायत, आणि पुढचे तीन पॉइंट सर्व्हिस कुठे. 'खांदे सैल सोड', 'पाय चालव' असलं सांगून वेळ जातो.

पहिला गेम जिंकल्यावर खरी परीक्षा. पॅरिसच्या उपांत्यपूर्व फेरीत सात्विक-चिरागने मलेशियाच्या चिया आणि सोहविरुद्ध पहिला गेम 21-13 घेतला आणि पुढचे दोन 14-21, 16-21 असे गमावले. 2017 च्या नोव्हेंबरमध्ये आपल्या मानकापूरच्या विभागीय क्रीडा संकुलात वरिष्ठ राष्ट्रीय स्पर्धा झाली, तिथेही फायनलला पहिला गेम जिंकून ते मनू अत्री आणि सुमीत रेड्डीकडून हरले होते. हरणारी जोडी दुसऱ्या गेममध्ये काहीतरी बदलतेच. तो बदल पहिल्या पाच पॉइंटमध्ये दिसतो. म्हणून वहीत प्रत्येक पॉइंटला तीनच खुणा करा: सर्व्हिस कुठे पडली, परतावा कुठे आला, पॉइंट कोणाचा. पहिल्या गेमचं पान आणि दुसऱ्याच्या पहिल्या पाच ओळी शेजारी ठेवा. परतावा आधी मधून येत होता आणि आता बाहेरून येतोय, हे तिथे लगेच सापडतं, आणि 11 ची विश्रांती येईपर्यंत तुमची दोन वाक्यं तयार असतात.