हिशेबाचा डेटा नो-कोड साधनाने डेटाबेसमध्ये आणण्यापूर्वीची तयारी

हिशेबाची प्रणाली नो-कोड साधनाने (प्रोग्राम न लिहिता वापरता येणाऱ्या साधनाने) डेटाबेसला जोडणे हे आता लॉगिन करून चार-दोन पर्याय निवडण्याइतके सोपे झाले आहे, त्यामुळे पूर्वतयारी न करताच सिंक (डेटा आपोआप डेटाबेसमध्ये आणत राहण्याची क्रिया) सुरू केला जातो. टेबले भरतात, डॅशबोर्डही दिसू लागतो. पण महिनाअखेरीस लेखापालाकडची विक्री आणि डेटाबेसमधली विक्री जुळली नाही, तर फरक कुठे पडला हे सांगणे कोणालाच जमत नाही. म्हणून ताळा कशाशी घ्यायचा, हे साधन निवडण्याच्याही आधी ठरवावे. हिशेब बंद झालेला एखादा महिना निवडून त्याची तेरीज (सर्व खात्यांच्या शिलकांची यादी) मूळ प्रणालीतून काढून ठेवावी आणि ती रोख पद्धतीची (पैसे आले-गेले तेव्हा नोंद) आहे की उपार्जन पद्धतीची (व्यवहार झाला तेव्हाच नोंद), तसेच कोणत्या तारखेला काढली, हे तिच्यावरच लिहावे. नंतरचे अर्धे वाद या दोन नोंदींवर मिटतात.

काय आणायचे, हा पुढचा प्रश्न. तयार अहवाल आणण्याचा मोह टाळून व्यवहार, खात्यांची यादी, ग्राहक आणि पुरवठादार एवढे आणावे. अहवाल त्यांतून बांधता येतो, अहवालातून व्यवहार परत मिळत नाहीत. इनव्हॉइस बहुधा दोन टेबलांत येते, एकात एकूण रक्कम आणि दुसऱ्यात प्रत्येक बाबीची ओळ. तीन ओळींच्या १,००० रकमेच्या इनव्हॉइसची ही दोन टेबले जोडून एकूण रकमेची बेरीज घेतली, तर उत्तर ३,००० येते. बेरीज कोणत्या टेबलावरून घ्यायची, हे आधीच लिहून ठेवलेले बरे.

रकमांकडे अधिक बारकाईने पाहावे लागते. स्ट्राइपसारख्या ऑनलाइन पैसे स्वीकारण्याच्या प्रणालीतून रक्कम चलनाच्या सर्वांत लहान एककात येते: डॉलरमधल्या व्यवहारात १००० म्हणजे १० डॉलर, पण जपानी येनला लहान एककच नसल्याने तिथे १००० म्हणजे १००० येनच. सरसकट शंभराने भागणारे सूत्र इथे फसते. त्यामुळे प्रत्येक रकमेशेजारी चलनाचा तीन अक्षरी आयएसओ ४२१७ संकेत (उदा. रुपयासाठी INR) आणि व्यवहाराच्या दिवशीचा विनिमय दर स्वतंत्र कॉलमात हवा. कॉलमचा प्रकार साधनाने आपोआप सुचवलेला असला, तरी तो तपासावा. पोस्टग्रेएसक्यूएल या डेटाबेसमध्ये रकमेसाठी न्यूमेरिक हा दशांश नेमके साठवणारा प्रकार वापरावा, फ्लोट हा अंदाजे साठवणारा नव्हे; फ्लोटमध्ये ०.१ आणि ०.२ यांची बेरीज नेमकी ०.३ भरत नाही आणि असे सूक्ष्म फरक ताळा घेताना उगाच डोके वर काढतात. तारखांच्या बाबतीत व्यवहाराची तारीख, नोंद केल्याची वेळ आणि शेवटच्या बदलाची वेळ हे तीन वेगळे कॉलम ठेवावेत; वेळ यूटीसीत (भारतीय वेळेच्या साडेपाच तास मागे असलेल्या जागतिक प्रमाणवेळेत) येत असेल, तर भारतातली एक तारखेच्या पहाटेची विक्री आधीच्या महिन्यात जाऊ शकते, हेही ध्यानात असावे.

खरी कसोटी मात्र जुन्या नोंदींची असते. हिशेबात नव्या नोंदींची भर पडत जाते एवढेच नाही. मागच्या नोंदीही बदलत राहतात. चार महिन्यांपूर्वीच्या इनव्हॉइसवर आज पैसे जमा होतात, खर्चाचे खाते बदलले जाते, मागील तारखेने समायोजन टाकले जाते. सिंक जर व्यवहाराच्या तारखेवर चालत असेल, तर यांपैकी बरेच बदल डेटाबेसपर्यंत पोचत नाहीत; तो शेवटच्या बदलाच्या वेळेवरच चालायला हवा. झेपियरसारखी नो-कोड साधने मुख्यत्वे नवी घटना घडली की काम सुरू करतात, म्हणून मागचा इतिहास भरण्याची सोय वेगळी करावी लागते. रद्द केलेली नोंद साधारणपणे शून्य रकमेने राहते, पण पूर्ण पुसलेली नोंद नाहीशी होते आणि डेटाबेसमध्ये तिची जुनी प्रत तशीच राहू शकते. क्विकबुक्स ऑनलाइन या हिशेबाच्या प्रणालीतून बदलांची यादी मागता येते, तीही मागील ३० दिवसांपुरतीच. सिंक त्याहून जास्त काळ बंद राहिला, तर सगळा डेटा नव्याने आणावा लागेल, हे आधीच गृहीत धरावे. प्रायमरी की (प्रत्येक ओळीची एकमेव ओळख) म्हणून इनव्हॉइसचा क्रमांक न घेता मूळ प्रणालीचा अंतर्गत आयडी घ्यावा, कारण क्रमांक माणसे बदलतात.

खर्चाचा अंदाजही याच अंगाने करावा. फाइव्हट्रॅन हे डेटा आणणारे साधन महिन्याभरात बदललेल्या ओळींवर आकारणी करते, झेपियर पार पडलेल्या कामांवर. वर्षअखेरीस हजारो नोंदींची खाती एकदम बदलली, तर बिल फुगू शकते.

परवानग्यांचे काम थोडके आहे, पण ते राहून जाते. जोडणी कोणा कर्मचाऱ्याच्या वैयक्तिक लॉगिनवर न करता स्वतंत्र खात्यावर करावी, शक्य तिथे फक्त वाचण्याची परवानगी द्यावी आणि पगाराचा तपशील व बँक खात्यांचे क्रमांक गरज नसल्यास आणूच नयेत.

पहिला सिंक झाल्यावर ओळींची संख्या, प्रत्येक नोंदीतील नावे-जमेची (डेबिट-क्रेडिटची) बरोबरी आणि जपून ठेवलेली तेरीज या क्रमाने तपासणी करावी. त्यानंतर चाचणीच्या चार नोंदी करून त्या आधी डेटाबेसमध्ये येऊ द्याव्यात. मग एक तशीच ठेवावी, एक दुरुस्त करावी, एक रद्द करावी, एक पुसावी, आणि पुढच्या सिंकनंतर चारही डेटाबेसमध्ये कशा दिसतात ते पाहावे. हे शक्यतो चाचणीसाठीच्या कंपनी-खात्यात करावे. सिंक थांबला तरी डॅशबोर्ड रिकामा होत नाही, जुनेच आकडे दाखवत राहतो. तेव्हा बिघाडाची सूचना किमान दोघांना जाईल आणि शेवटच्या यशस्वी सिंकची वेळ आकड्यांच्या शेजारीच दिसेल, अशी व्यवस्था डॅशबोर्ड इतरांच्या हाती देण्यापूर्वी करावी.