आधी शांत रात्र घ्या

झोपलेल्या माणसाला आवाज ऐकवून त्याचं स्वप्न वळवता येतं का, दोघांच्या स्वप्नांत एकच गोष्ट आणता येते का, या कामात मला तीन वर्षं झाली. नवीन कुणी भेटायला आलं की मी आधी आकडे सांगते. १९५८ साली डिमेंट आणि वोल्पर्ट या संशोधकांनी रेम झोपेतल्या, म्हणजे मिटलेल्या पापण्यांखाली डोळे भराभर हलतात त्या स्वप्नांच्या झोपेतल्या, लोकांवर पाणी शिंपडलं, उजेड पाडला, १००० हर्ट्झचा सूर वाजवला. पाणी ४२ टक्के वेळा स्वप्नात शिरलं, उजेड २३ टक्के, सूर फक्त ९ टक्के. आपलं हत्यार तिघांत सगळ्यात बोथट आहे. हे पचणार नसेल तर विषय आत्ताच बदला.

झोपणाऱ्याच्या डोक्याला तारा लावणं, रेम ओळखणं महिन्याभरात हाताला बसतं. मी फसले ते दुसरीकडेच.

नारायण पेठेतल्या एका जुन्या वाड्यात दोन खोल्या मिळाल्या होत्या. कार्तिक महिना. दोन खोल्यांत दोन मित्र झोपलेले, मधे मी जागी. पहाटे दोघांची रेम एका वेळी आली, तेव्हा दोघांना घंटेचा नाद ऐकवला, घड्याळाच्या टिकटिकीवर जेमतेम कळेल इतका. मग उठवलं. पहिला म्हणाला, "देवळात गर्दी आहे, चपला सापडत नाहीयेत." दुसरा म्हणाला, "अनवाणी पायऱ्या उतरतोय, कुठंतरी आरती चाललीय." मला रडू आलं. वहीत 'सामायिक स्वप्न' लिहून खाली दोन रेघा ओढल्या.

माझ्या मार्गदर्शक मॅडमनी वही वाचली आणि एवढंच विचारलं, "आवाज न लावता काय पडतं त्यांना?"

तशी रात्र मी घेतलीच नव्हती. पुढच्या शनिवारी घेतली. स्पीकर बंद, खोलीत फक्त रेकॉर्डर. पहाटे गल्लीच्या टोकाला काकडआरती सुरू झाली आणि रेकॉर्डिंगमध्ये तिथली घंटा माझ्या घंटेपेक्षा स्पष्ट निघाली. दुसऱ्याला त्याही रात्री देऊळच दिसलं. आणि चपला? आधीच्या शनिवारी जेवताना पहिल्यानं लग्नात कोल्हापुरी चपला गेल्याचा किस्सा रंगवून सांगितला होता. वाढत मीच होते.

दोघं एका छताखाली झोपले की त्यांचा दिवस एक, जेवण एक, गल्ली एक. स्वप्नं थोडी जुळणारच. आवाजाच्या रात्री शांत रात्रींपेक्षा जेवढं जास्त जुळेल, तेवढंच आवाजाचं. म्हणून निम्म्या रात्री शांत ठेवा. आज कोणती रात्र आहे हे झोपणाऱ्याला कळता कामा नये, उठवून विचारणाऱ्यालाही नाही. मी त्या पहाटे "देऊळ दिसलं का?" असं विचारलं होतं का, ते मला आठवत नाही, वहीतही नाही. अजून सलतं ते. आता प्रश्न ठरलेला असतो, "उठायच्या आधी मनात काय चाललं होतं?" उत्तर रेकॉर्ड होतं, मगच चहा.

एका कानात २००, दुसऱ्यात २१० हर्ट्झ लावून सेकंदाला दहा ठोके ऐकवणारी ॲप्स घेऊन येऊ नका. ठोके खरे आहेत, पण ठोके ऐकू आले म्हणजे स्वप्न हाती आलं असं होत नाही. आणि ज्यांनी स्वतः प्रयोगासाठी रात्र जागवलेली नाही, त्यांना मार्गदर्शक करू नका, नाव कितीही मोठं असो.

पहिल्या रात्री कुणालाच धड झोप लागत नाही, डोक्याला तारा असतात, गादी परकी असते. ती रात्र हिशेबात धरू नका, खचूही नका. २०२१ मध्ये चार देशांतल्या प्रयोगशाळांनी ३६ जणांवरचं काम प्रसिद्ध केलं. त्यांतल्या काहींनी स्वप्नात असतानाच बाहेरून विचारलेल्या सोप्या गणितांची उत्तरं डोळे हलवून दिली. आवाज आत पोचतो. वेळ लागतो, पण पोचतो.

कार्तिकात आता आम्ही वाड्यात झोपवत नाही. गणपतीआधी नदीपात्रात ढोलपथकांचा सराव सुरू होतो. तो संध्याकाळी असतो, पण तेव्हा ऐकलेला ताशा पहाटेपर्यंत डोक्यात राहतो. त्या दिवसांत आम्ही फक्त शांत रात्री घेतो.