अवकाशचित्रं काढताय? मग या चुका टाळा

२०२३च्या गणेशोत्सवात पुण्यातल्या पेठांमधून फिरलेल्यांना आठवत असेल, त्या वर्षी चांद्रयानाच्या देखाव्यांची रेलचेल होती. २३ ऑगस्टला यान उतरलं, महिन्याभरात गणपती बसले आणि मंडळांच्या उत्साहाला उधाण आलं. बहुतेक ठिकाणी मांडणी सारखीच. करडी जमीन, खड्डे, पुठ्ठ्याचा विक्रम (यानाचा चंद्रावर उतरलेला भाग) आणि मागच्या काळ्या पडद्यावर भलीमोठी निळी पृथ्वी. तिच्यावर भारत बरोबर मधोमध, ढगाचा एक पुंजकाही नाही. रांगेत उभ्या असलेल्या शेकडो मुलांच्या मनात चंद्र आता तसाच बसलाय.

म्हणून हा विषय मला महत्त्वाचा वाटतो. अवकाशात जाऊन आलेली माणसं मोजकी. बाकीच्यांनी चंद्र, मंगळ, शनी पाहिलेत ते चित्रांतून, दिवाळी अंकांच्या मुखपृष्ठांवरून, शाळेतल्या तक्त्यांवरून. १९४४ मध्ये अमेरिकेच्या ‘लाइफ’ मासिकात चित्रकार चेस्ली बोनस्टेल यांची शनीची चित्रं छापून आली. त्याच्या उपग्रहांवर उभं राहिल्यावर शनी कसा दिसेल, हे त्यांनी छायाचित्रासारख्या बारकाईने दाखवलं होतं. पुढे १९५२ ते ५४ या काळात ‘कॉलियर्स’ मासिकात रॉकेटतज्ज्ञ फॉन ब्राउन यांच्या लेखांसोबत त्यांची चित्रं आली आणि अंतराळप्रवास ही आपल्या हयातीत होणारी गोष्ट आहे, असं सामान्य अमेरिकन माणसाला वाटू लागलं. चित्रात एवढी ताकद असते, म्हणून त्यातली चूकही दूरवर जाते.

जवळजवळ सगळ्या चुकांचं मूळ एकच आहे. चित्र बघणारा नेमका कुठं उभा आहे, हे चित्रकाराने ठरवलेलंच नसतं.

जागा आधी, रंग नंतर

विक्रमचंच उदाहरण घ्या. तो उतरला चंद्राच्या दक्षिण गोलार्धात, साधारण ६९ अंश अक्षांशावर. तिथून पृथ्वी डोक्यावर कधीच दिसत नाही. ती उत्तरेला, क्षितिजापासून फार तर वीसेक अंशांवर असते आणि आकाशात जवळपास एकाच जागी राहते. उगवत नाही, मावळत नाही. शिवाय आपण चंद्राच्या दक्षिणेकडून बघतोय, त्यामुळे पृथ्वीचा दक्षिण ध्रुव वरच्या बाजूला येतो. यान उतरलं तेव्हा भारतात संध्याकाळचे सहा वाजून गेले होते आणि चंद्र जवळपास अर्धा होता. म्हणजे तिथून पृथ्वीही अर्धीच उजळलेली, आणि भारत नेमका दिवस-रात्रीच्या सीमेवर, उलटा, पावसाळी ढगांखाली. माझ्या मते हे चित्र मधोमध नकाशा असलेल्या निळ्या गोळ्यापेक्षा कितीतरी देखणं होईल. तिथं सूर्यही नुकताच उगवत होता, त्यामुळे दगडाधोंड्यांच्या सावल्या लांबच लांब हव्यात.

आता आकार. चंद्रावरून पृथ्वी सुमारे दोन अंशांची दिसते. हात लांब करून अंगठा उभा धरा, त्याच्या रुंदीएवढी. तुमचा कॅनव्हास ६० सेंटिमीटर रुंद असेल आणि त्यात साधारण ६० अंशांचा देखावा मावत असेल, तर पृथ्वी जेमतेम दोन सेंटिमीटरची भरेल. मोठीच हवी असेल तर जरूर काढा, पण मग ते दूरचं जवळ आणणाऱ्या टेलिफोटो लेन्सने टिपलेलं दृश्य झालं. क्षितिजावरचे डोंगरही त्याच पटीत मोठे करावे लागतात आणि पायाजवळचे दगड चित्रातून जातात. मोठी पृथ्वी आणि पायाशी बुटांचे ठसे, हे दोन्ही एका चित्रात बसत नाही.

सूर्य एकच असतो

चित्र पूर्ण झाल्यावर ही तपासणी कराच. कोरीची दोन टोकं पट्टीने जोडा. त्या रेषेला मधोमध काटकोनात दुसरी रेष काढा आणि उजळ बाजूकडे वाढवा. सूर्य त्याच दिशेला असला पाहिजे. चित्रातल्या प्रत्येक ग्रहासाठी, प्रत्येक दगडाच्या सावलीसाठी हे करून बघा. दोन रेषा दोन भलत्या दिशांना गेल्या तर चित्रात दोन सूर्य झाले. दुरुस्ती करताना मोठा ग्रह तसाच ठेवा आणि लहान गोष्टींच्या सावल्या फिरवा, काम वाचतं.

पुण्याच्या आकाशातली कोर काढतानाही हाच घोळ होतो. परदेशी फोटो समोर ठेवून काढलेली, इंग्रजी डी अक्षरासारखी उभी कोर पर्वतीवर टांगली जाते. आपण १८.५ अंश अक्षांशावर आहोत. गुढीपाडव्यानंतरच्या एक-दोन संध्याकाळी पश्चिमेला बघा, कोर होडीसारखी जवळपास आडवी पडलेली असते. भाद्रपदातली कोर मात्र बरीच कललेली. गणेश चतुर्थीला चंद्र बघायचा नसतो हे पाळत असाल तर पंचमीला बघा, फरक कळेल.

आणि कोरीच्या पोकळीत चांदणी काढू नका. तिथं चंद्राचा न उजळलेला भाग असतो, त्याच्या आरपार तारा दिसणार कसा? ही चूक बहुतेक वेळा टूथब्रशने पांढरा रंग उडवताना होते. आधी ग्रहाच्या मापाची पुठ्ठ्याची चकती कापून त्या जागी ठेवा, मग शिंतोडे उडवा. उडवून झाले असतील तर काळ्याने पूर्ण गोल पुन्हा भरून घ्या. त्यासाठी ट्यूबमधला नुसता काळा वापरू नका. अल्ट्रामरीन ब्लू आणि बर्न्ट अंबर मिसळून केलेला काळा जास्त खोल दिसतो.

चंद्रावर सिंहगड नाही

निसर्गचित्र शिकताना आपल्या हातात एक सवय मुरलेली असते: लांबचा डोंगर फिका आणि निळसर करायचा. सिंहगडावरून राजगड-तोरण्याकडे बघितलं की ते दिसतंच, एकामागून एक रांगा विरळ होत जातात. ही सगळी हवेची करामत आहे. चंद्रावर हवाच नाही, त्यामुळे दहा किलोमीटरवरचा उतार समोरच्या दगडाइतकाच स्वच्छ आणि ठसठशीत दिसतो. तिथं फिकी निळी डोंगररांग काढली की ती सह्याद्रीची झाली.

मग अंतर दाखवायचं कसं? हा प्रश्न खुद्द अंतराळवीरांनाही पडला होता. फेब्रुवारी १९७१ मध्ये अपोलो १४चे शेपर्ड आणि मिचेल ‘कोन’ विवराच्या काठाकडे चढत निघाले होते. काठ किती लांब आहे याचा अंदाज येईना, वेळ संपत आली, आणि ते काठाच्या अगदी जवळ पोचूनही तो न दिसताच मागे फिरले. तुमच्या चित्रातही तो संभ्रम थोडा राहू द्या, तो खरा आहे. बाकी अंतर दाखवायला दगडांचा आकार आहे, पावलांची वाट आहे, आणि क्षितिज आहे. उभ्या माणसाला चंद्रावरचं क्षितिज सपाट जागी अडीच किलोमीटरच्याही आत असतं, पृथ्वीवरच्या जवळपास निम्म्या अंतरावर. त्यापलीकडच्या डोंगराचा पायथा जमिनीखाली बुडालेला दाखवा.

डोंगरांचे सुळकेही टाळा. ही खास बोनस्टेल यांची देणगी. बोस्टनच्या विज्ञान संग्रहालयात १९५७ मध्ये लागलेलं त्यांचं चंद्रभूमीचं भित्तिचित्र सुमारे ४० फूट लांब होतं आणि त्यात कडे-सुळके भरपूर होते. अपोलोची छायाचित्रं आल्यावर चंद्रावरचे डोंगर गोलाईदार निघाले आणि १९७० मध्ये ते चित्र उतरवलं गेलं. वाईट याचं वाटतं की, खरं उत्तर आधीच उपलब्ध होतं. फ्रान्सचे चित्रकार ल्युसियाँ रुदो स्वतः दुर्बिणीतून बघायचे. चंद्रबिंबाच्या कडेवर डोंगरांची बाह्यरेषा मऊ दिसते हे हेरून त्यांनी १९३७ मध्येच गोलसर डोंगर काढले होते. लोकांना मात्र सुळकेच आवडले.

फसगत का होते, हे स्वतः बघता येतं. पुण्याची ज्योतिर्विद्या परिसंस्था ही हौशी आकाशनिरीक्षकांची संस्था बोनस्टेल यांच्या त्या शनीच्या चित्रांसारखी १९४४चीच, टिळक स्मारक मंदिराच्या गच्चीवरून आकाश दाखवणारी. दुर्बिणीतून अष्टमीच्या सुमाराचा चंद्र बघा. उजेड-अंधाराच्या सीमेवर बुटक्या टेकडीचीही सावली लांब आणि टोकदार पडते, आणि डोळा त्या सावलीवरून डोंगर रचतो. नंतर नजर बिंबाच्या कडेवर न्या.

रंग

मंगळाचं आकाश दिवसा पिवळट-बदामी असतं आणि सूर्यास्ताला सूर्याभोवती निळसर होतं, आपल्या बरोबर उलट. १९७६ मध्ये मंगळावर उतरलेल्या व्हायकिंग १ यानाने पाठवलेलं पहिलं रंगीत छायाचित्र सुरुवातीला निळसर आकाशासकट बाहेर आलं आणि मग दुरुस्त करावं लागलं. बोनस्टेल यांच्या चित्रातल्या टायटनवरही, म्हणजे शनीच्या सगळ्यात मोठ्या उपग्रहावरही, निळं आकाश होतं. २००५ मध्ये हायगेन्स यान तिथं उतरलं तेव्हा सगळीकडे दाट नारिंगी धुकं होतं, शनी दिसायचा प्रश्नच नव्हता.

तेजोमेघांबद्दल, म्हणजे अवकाशातल्या वायू आणि धुळीच्या ढगांबद्दल, एवढंच सांगतो: हबल दुर्बिणीच्या १९९५च्या त्या प्रसिद्ध ‘पिलर्स ऑफ क्रिएशन’ छायाचित्रातल्या स्तंभांत गंधकाचा प्रकाश लाल, हायड्रोजनचा हिरवा आणि ऑक्सिजनचा निळा दाखवलाय. डोळ्यांना ते तसे दिसत नाहीत, आणि जवळ गेल्याने जास्त झळाळतही नाहीत. खोडदच्या जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीच्या प्रतिमांना तर रंग द्यावाच लागतो, रेडिओलहरींना रंग कुठला? रंग वापरायला हरकत नाही. ॲलन बीन स्वतः चंद्रावर चालले होते, तरी चित्रांत त्यांनी करड्या जमिनीला मुद्दाम रंग दिले. प्रदर्शनात चित्राखाली ‘रंग चित्रकाराचे’ एवढी ओळ लिहा, बास.

शेवटी काही झटपट दुरुस्त्या

लघुग्रहांच्या पट्ट्यात दगडांची गर्दी नको. दोन लघुग्रहांमध्ये लाखो किलोमीटरचं अंतर असतं, पायोनियर १० हे यान तिथून सुखरूप पार झालं. अंतराळ स्थानकामागे पृथ्वीचा अख्खा गोल नको. सुमारे ४०० किलोमीटरवरून फक्त वक्र क्षितिज दिसतं. वातावरणाची निळी कडा जाड करू नका, ३० सेंटिमीटरच्या गोलावर ती दोन-अडीच मिलिमीटरच्या वर जात नाही.

आणि शनीची कडी. मोठ्या उपग्रहांपैकी बहुतेक सगळे कड्यांच्याच प्रतलात फिरतात, म्हणून तिथून कडी एका बारीक रेघेसारखी दिसतात. तिरपी, पसरलेली कडी हवीच असतील तर अयापेटसवर उभे राहा. त्याची कक्षा सुमारे १५ अंशांनी कललेली आहे, आणि तिथून शनीचा गोल जवळपास दोन अंशांचा दिसतो, चंद्रावरून पृथ्वी दिसते तेवढाच. कड्यांची सावली शनीवर आणि शनीची सावली कड्यांवर, दोन्ही काढायला विसरू नका.