मेळघाटात कोरकू भाषेत माहितीपट करताना

अमरावती जिल्ह्यातील धारणी आणि चिखलदरा तालुक्यांत बोलली जाणारी कोरकू ही मराठीहून वेगळ्या अशा मुंडा भाषाकुळातील भाषा असल्याने मराठीच्या आधारे तिचा अंदाज बांधता येत नाही. म्हणून दुभाष्याला चित्रीकरणाच्या दिवशी नव्हे, तर पहिल्या गावभेटीपासूनच सोबत घ्यावे. बाळंतपणासारख्या विषयावर बोलायचे असेल, तर दुभाषी स्त्रीच असावी.

मुलाखतीत दुभाष्याला कॅमेऱ्यालगत बसवावे आणि मधेच न थांबवता माणसाला पूर्ण बोलू द्यावे. एकदा एक आजी चुलीत लाकूड सारत दोन मिनिटे बोलल्या आणि दुभाष्याने मला ‘नाही म्हणतात’ एवढेच सांगितले. त्या नकारामागची सगळी हकिकत पुढे टाइमकोडसह (चित्रणातील नेमकी वेळ दाखवणाऱ्या आकड्यांसह) वाक्यागणिक भाषांतर करून घेतल्यावर कळली. असे भाषांतर दुसऱ्या कोरकू भाषकाकडून तपासून घ्यावेच, मग खर्च वाढला तरी चालेल.

सबटायटल्स दोन ओळींपेक्षा जास्त नसावीत. संमती कोरकूतच समजावून ध्वनिमुद्रित करावी, आणि अंतिम संपादनापूर्वी माहितीपट गावात दाखवून, आपले बोलणे बरोबर पोहोचले का, हे त्या माणसांनाच विचारावे.