मेटल गियर खेळायला घेताय? कथेचा गुंता वाढवणाऱ्या या चुका टाळा

मेटल गियर या हेरगिरीच्या व्हिडिओ गेम मालिकेबद्दल नव्या खेळाडूचा पहिला प्रश्न ठरलेला असतो: सुरुवात कुठून करू? आणि त्याला मिळणारं पहिलं उत्तरही ठरलेलंच असतं. कुणीतरी कथेतल्या सालांप्रमाणे लावलेली यादी हातात ठेवतो, १९६४ पासून २०१८ पर्यंत, आणि सांगतो, या क्रमाने खेळ, सगळं समजेल. यादीत तशी चूक काही नसते. पण तिच्यामागे गेलात तर मालिकेतली निम्मी मजा जाते आणि उरलेली निम्मी डोक्यावरून जाते.

मालिकेचे जनक हिदेओ कोजिमा यांचा पहिला मेटल गियर १९८७ मध्ये एमएसएक्स२ या संगणकासाठी आला. पुढची तीस वर्षं त्यावर काय काय बांधलं जाणार आहे, याचा तेव्हा कुणालाच पत्ता नव्हता. त्यानंतरचा जवळजवळ प्रत्येक भाग मागे वळून पाहत लिहिलेला आहे. जुन्या घटनेला नवं कारण दिलं, तिसऱ्याच कुणाला भूतकाळ मिळाला, खलनायक म्हणून मेलेला माणूस पुढच्या भागात तरुण नायक होऊन आला. म्हणजे हे भाग जोडले गेलेत ते ज्या क्रमाने बाजारात आले त्या क्रमाने, कथेतल्या सालांनी नव्हे. खाली सांगितलेल्या बहुतेक चुका इथूनच सुरू होतात.

खाली काही रहस्यं फुटणार आहेत. सर्वांत मोठं जिथे फुटतं तिथे आधी इशारा दिला आहे.

चूक पहिली: कथेतल्या सालांप्रमाणे खेळणं

हा क्रम असा: स्नेक ईटर (म्हणजे सॉलिड ३) १९६४ मध्ये घडतो, पीस वॉकर १९७४ मध्ये, ग्राउंड झिरोज १९७५, द फँटम पेन १९८४. मग मूळ मेटल गियर १९९५, मेटल गियर २ १९९९, मेटल गियर सॉलिड २००५, सॉलिड २ हा २००७ आणि २००९, सॉलिड ४ हा २०१४ आणि शेवटी रायझिंग २०१८.

पहिली अडचण हाताला जाणवते. २०१५ साली आलेला फँटम पेन मोकळ्या मैदानातला खेळ आहे. घोड्यावरून अफगाणिस्तान पालथा घालायचा, झोपून सरपटायचं, शत्रूला फुग्याला बांधून तळावर पाठवून द्यायचं. तो संपवून यादीप्रमाणे पुढचा खेळ लावला की समोर येतो १९८७ चा मेटल गियर. त्यात नायक सॉलिड स्नेकला साधं सरपटता येत नाही आणि पहारेकऱ्याला फक्त नाकासमोरचं दिसतं. सरपटणं, रडार आणि पहारेकऱ्याची तिरकी नजर या गोष्टी १९९० च्या दुसऱ्या भागात आल्या. नवा खेळाडू हमखास इथेच हात टेकतो, आणि ज्याच्यासाठी हा खटाटोप केला तो मेटल गियर सॉलिड तसाच राहून जातो.

दुसरी अडचण जास्त मोठी. स्नेक ईटर २००४ मध्ये आला तेव्हा त्याचा नायक नेकेड स्नेक हाच पुढे बिग बॉस बनून सॉलिड स्नेकचा शत्रू होणार, हे खेळणाऱ्याला ठाऊक होतं. त्यामुळे नेकेड स्नेक आपल्या गुरूवर, द बॉसवर, पिस्तूल रोखून उभा राहतो आणि खेळ थांबतो, ट्रिगर तुम्हालाच दाबावा लागतो, तेव्हा त्या एका बटणात पुढच्या चार खेळांचं ओझं असतं. नंतर राष्ट्राध्यक्ष त्याला 'बिग बॉस' ही पदवी देतात ती पदवी नसून पुढच्या वैराची नांदी आहे, हे ज्याने आधीचे भाग खेळलेत त्यालाच कळतं. हाच खेळ सगळ्यांत आधी खेळलात तरी तो उत्तमच वाटेल. फक्त ती एक चांगली हेरकथा वाटेल, एवढंच.

सॉलिड २ चं तर याहून अवघड आहे. त्यात जहाजावरचा पहिला टप्पा संपला की सॉलिड स्नेक बाजूला होतो आणि रायडन नावाचा कुणी नवखा हाती येतो. २००१ मध्ये लोक यावर भयंकर चिडले होते. ते चिडणं हाच त्या खेळाचा डाव होता. पुढे जे घडतं ती मेटल गियर सॉलिडचीच मुद्दाम रचलेली नक्कल असते, आणि मूळच पाहिलं नसेल तर नक्कल कशी ओळखणार?

'सॉलिड'च्या आधीचे दोन भाग नाहीतच असं समजणं

नावात आकडा नाही म्हणून मेटल गियर सॉलिड हा पहिला भाग, असं बरेच जण धरून चालतात. तो तिसरा. गंमत म्हणजे हा घोळ बराचसा परिस्थितीने घातलेला आहे: मेटल गियर २: सॉलिड स्नेक हा १९९० चा खेळ मूळ जपानपुरताच निघाला आणि अधिकृत इंग्रजीत यायला त्याला स्नेक ईटरच्या सब्सिस्टन्स आवृत्तीची वाट पाहावी लागली. म्हणजे १९९८ मध्ये प्लेस्टेशनवर सॉलिड खेळणाऱ्या जगभरच्या बहुतेकांनी तो पाहिलेलाच नव्हता.

त्यामुळे काय हुकलं, याचा एक नमुना. सॉलिडमध्ये अण्वस्त्र रोखणारी एक किल्ली असते. ती तापमानानुसार आकार बदलते, म्हणून तुम्ही ती घेऊन एकदा थंड गोदामात आणि एकदा धगधगत्या भट्टीजवळ पायपीट करता. अनेकांना हा वेळकाढूपणा वाटतो. मेटल गियर २ मध्ये हेच काम एका ब्रोचकडून करून घेतलेलं आहे. उंच जिन्यावरचा पाठलाग, लिफ्टमध्ये अचानक होणारा हल्ला, हाइंड हेलिकॉप्टरशी लढाई, स्नेकचा जुना साथीदार ग्रे फॉक्सशी हातघाई, हे सगळं आधी तिथे झालं होतं. नव्या तंत्रात, त्रिमितीत, कोजिमांनी आपलाच जुना खेळ पुन्हा मांडला. सॉलिडमधला निन्जा कोण, तो स्नेककडे मरण का मागतो, याचं उत्तरही त्या दोन जुन्या खेळांतच आहे. कर्नल कॅम्पबेल आणि मास्टर मिलर ही माणसंही दुसऱ्या भागातून आलेली.

हे दोन्ही खेळायलाच हवेत असं मी म्हणणार नाही. सॉलिडच्या मुख्य मेनूमध्ये मागच्या मोहिमांचा सारांश दिलेला आहे. तो वाचून घ्या. न वाचता पुढे जाणं मात्र टाळा.

सगळे स्नेक एकच आहेत असं धरून चालणं

या चुकीला खेळाडूपेक्षा खेळच जास्त जबाबदार आहे. इंग्रजीत सॉलिड स्नेक आणि तरुण बिग बॉस या दोघांनाही डेव्हिड हेटर यांचाच आवाज आहे. चेहरा तोच, डोक्याला पट्टी तीच. सॉलिड स्नेक हा बिग बॉसचा क्लोन असल्याने हे साम्य कथेला धरूनच आहे, पण स्नेक ईटर लावणारा नवखा खेळाडू पहिले दोन तास हाच आपला जुना स्नेक असं समजून बसतो आणि मग १९६४ हे साल पाहून चक्रावतो.

साधी खूण लक्षात ठेवा. कथेतलं साल १९९० च्या आधीचं असेल तर तुम्ही बिग बॉसच्या बाजूने खेळताय, त्याच्या पुढचं असेल तर सॉलिड स्नेकच्या किंवा रायडनच्या. लिक्विड आणि सॉलिडस हे दोघे सॉलिडसारखेच बिग बॉसपासून तयार केलेले, आणि दोघे खेळात विरोधी बाजूला. सॉलिड ४ मधला म्हातारा स्नेक हा सॉलिडच. वयाने नव्हे, शरीराने थकलेला.

या खुणेला एकच अपवाद आहे, आणि फँटम पेन संपवला नसेल तर पुढचा परिच्छेद सोडून द्या.

फँटम पेनमध्ये तुम्ही ज्याला बिग बॉस म्हणून खेळवता तो बिग बॉस नाही. तो त्याच्या पथकातला वैद्यक शिपाई, चेहरा आणि आठवणी बदलून उभा केलेला. शेवटी तो आरशासमोर येतो, त्याच्या हातात एक कॅसेट असते आणि तिच्या एका बाजूवर लिहिलेलं असतं: ऑपरेशन इंट्रूड एन३१३. कटसीनमध्ये, म्हणजे खेळातल्या नुसत्या बघायच्या प्रसंगांत, याचा खुलासा कुणी करत नाही. एन३१३ हे १९८७ च्या पहिल्या खेळातल्या मोहिमेचं नाव आहे, सॉलिड स्नेकला आउटर हेवन या शत्रूच्या तळावर पाठवणारी ती मोहीम. म्हणजे त्या पहिल्या खेळाच्या शेवटी जो मारला गेला तो हा तोतया. मेलेला बिग बॉस १९९० च्या खेळात पुन्हा जिवंत कसा, या जुन्या प्रश्नाचं उत्तर २०१५ मध्ये असं मिळालं. सालांप्रमाणे खेळणाऱ्याला ते मिळत नाही, कारण त्याला प्रश्नच अजून पडलेला नसतो.

नावांची पाटी सरकू लागली की खेळ बंद करणं

या मालिकेत ही सवय महागात पडते. सॉलिडच्या पहिल्या तीनही भागांत श्रेयनामावली संपल्यावर संभाषण आहे, आणि तिन्ही वेळा ते संभाषणच पुढच्या भागाचा दुवा आहे. सॉलिड आणि स्नेक ईटरमध्ये ऑसिलॉट नावाचा हेर फोनवर कुणाला तरी हकिगत सांगतो. तो नक्की कुणासाठी काम करतो हे तिथेच उलगडतं. सॉलिड ४ मध्ये तर नावं सुरू झाल्यानंतर अख्खा शेवटचा प्रसंग बाकी असतो. त्या खेळाचा शेवट तासाभराहून लांब आहे, रात्री उशिरा अंतिम लढाईला हात घालू नका. आणि त्यातल्या कटसीनमध्ये कोपऱ्यात बटणाची खूण दिसली की ते दाबा. जुन्या भागांतली दृश्यं झरझर येतात, आणि समोर कोण कशाबद्दल बोलतंय याचा निम्मा उलगडा तिथेच होतो.

पीस वॉकरमध्ये सर्वाधिक लोक फसतात. चौथ्या प्रकरणानंतर नावं येतात, सगळं आवरल्यासारखं वाटतं. पाचवं प्रकरण अजून उरलेलं असतं. त्यात तळावरून पळालेल्या झाडोर्नोव्हला पुन्हा पुन्हा शोधावं लागतं, जरा कंटाळवाणं काम आहे, आणि सोबत झीक नावाचं स्वतःचं मेटल गियर (अण्वस्त्रं डागणारं चालतं युद्धयंत्र, मालिकेचं नाव त्यावरूनच) बांधून पुरं करावं लागतं. खरा शेवट त्यानंतर. पाझ कोण हे तिथे कळतं, आणि ते न कळता ग्राउंड झिरोज सुरू केलात तर छळछावणीतून जिला सोडवायला तुम्ही जीव धोक्यात घालताय ती मुलगी महत्त्वाची का, याचा पत्ताच लागत नाही. ग्राउंड झिरोज हा फुगवलेला डेमो आहे अशी तक्रार करणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांनी पीस वॉकर खेळलेला नसतो.

फँटम पेनही एकतिसाव्या मोहिमेनंतर संपल्याचं सोंग करतो. सेहेचाळिसावी मोहीम उघडत नसेल तर पिवळ्या खुणेच्या कॅसेट ऐकल्यात का आणि पिवळ्या खुणेच्या साइड ऑप्स (दुय्यम मोहिमा) उरल्यात का ते बघा. अडतं ते बहुधा तिथेच. फँटम पेनमधल्या एली या मुलाचं पुढे काय झालं हा धागा मात्र खेळात शोधत बसू नका. एक्कावन्नावी मोहीम अपुरी राहिली आणि विशेष आवृत्तीच्या डिस्कवर व्हिडिओ म्हणूनच बाहेर आली.

नावात मेटल गियर आहे म्हणजे कथेत आहे?

नाही. १९९० चा स्नेक्स रिव्हेंज कोजिमांशिवाय झाला आणि मुख्य कथेत धरत नाहीत. अ‍ॅसिडचे दोन्ही भाग, गेम बॉय कलरवरचा घोस्ट बेबल आणि २०१८ चा सर्व्हाइव्ह हे स्वतंत्र. घोस्ट बेबल तरीही खेळा, तो चांगला आहे. पोर्टेबल ऑप्स मधल्यामध्ये लटकतो: त्यातल्या घटनेचा पीस वॉकरमध्ये एका ओळीत जाताजाता निकाल लावलाय. सोडलात तरी अडणार नाही. प्लॅटिनमगेम्सने केलेला रायझिंग हा तलवारबाजीचा वेगळाच खेळ, सॉलिड ४ नंतर कधीही घ्या.

रिमेक आणि आवृत्त्या

पहिला मेटल गियर घेताना एनईएस या निन्टेंडोच्या जुन्या कन्सोलवरची आवृत्ती टाळा. तिच्यात अखेरीस मेटल गियरच नाही, त्याच्या जागी एक संगणक फोडायचा असतो. गेमक्यूबवरचा द ट्विन स्नेक्स हा सॉलिडचा रिमेक कथा तीच सांगतो, पण सॉलिड २ ची नेमबाजी जुन्या खोल्यांत आणल्याने काही लढती फारच सोप्या झाल्यात, आणि कटसीनमधल्या कोलांट्याउड्या सगळ्यांनाच झेपत नाहीत. २०२५ चा डेल्टा: स्नेक ईटर मूळ संवाद आणि आवाज जवळजवळ तसेच ठेवतो. कथेसाठी तो किंवा जुना, कुठलाही चालेल.

तर मग क्रम कसा लावायचा

सॉलिड, सॉलिड २, स्नेक ईटर. इथे थांबून १९८७ आणि १९९० चे दोन जुने खेळ घ्या. बिग बॉसला तरुणपणी ओळखून झाल्यावर त्याच्याच समोर उभं राहण्यात काही वेगळंच आहे, आणि हे पाचही खेळ २०२३ च्या मास्टर कलेक्शनच्या पहिल्या खंडात एकत्र आहेत. जुन्यांची रटाळ चाल सहन होत नसेल तर सारांशावर भागवा. मग सॉलिड ४, पीस वॉकर, ग्राउंड झिरोज, फँटम पेन. सॉलिड ४ मिळाला नाही तर त्याचे कटसीन सलग बघून घ्या, पण पीस वॉकर स्वतः खेळा. तिथला तळ तुम्ही एकेक माणूस उचलून आणून उभा केलेला असतो, आणि ग्राउंड झिरोजच्या शेवटी समुद्रात कोसळतो तो तोच तळ.