पोर्क रोस्ट आणि फळांचं ग्लेझ: या चुका टाळा, मग मला फोन करा

२४ डिसेंबरच्या रात्री नऊ वाजल्यापासून माझ्या फोनवर काळ्याठिक्कर मांसाचे फोटो यायला लागतात. खाली एकच प्रश्न, "आंटी, हे असंच दिसतं का?" नाही बाळा, असं दिसत नाही. मी ठाण्यात चरईला राहते, आमच्या ईस्ट इंडियन, म्हणजे मुंबई-ठाण्याकडच्या मूळच्या ख्रिस्ती, घरात नाताळला रोस्ट ठरलेला, म्हणून लोकांना वाटतं माझ्या हाताला काही गुण आहे. तसं काही नाही. या सगळ्या चुका मी तुमच्या आधी करून बसले आहे, एवढंच.

सगळ्यात आवडती चूक म्हणजे ग्लेझ पहिल्यापासून फासणं. मोह मला कळतो. संत्र्याचा रस, गूळ, आलं आटून घरभर वास सुटलेला असतो आणि समोर मांसाचा पांढराफटक गोळा. पण ग्लेझ म्हणजे शेवटी पाक. शोल्डरचा, म्हणजे खांद्याचा, दीड किलोचा तुकडा मऊ व्हायला अडीच-तीन तास घेतो, पाक अर्ध्या-पाऊण तासात करपतो. दोघांना एकत्र आत ढकललंत की वर कोळसा आणि आत कच्चं.

लग्नानंतरचा माझा दुसरा नाताळ. सासरची अकरा माणसं जेवायला, नवाकोरा ओटीजी, म्हणजे विजेचा छोटा ओव्हन, आणि मी वाटीभर ग्लेझ एकदम ओतून दार लावलं. चाळीस मिनिटांत काचेतून आतलं दिसेना, मग स्वयंपाकघरच दिसेना. वॉचमन वर आला, त्याच्या मागे तिसऱ्या मजल्यावरचे काका पाण्याची बादली घेऊन. सासूबाई काही बोलल्या नाहीत, नुसती खिडकी उघडली. ते त्यांनी ओरडण्यापेक्षा जास्त लागलं. मांस बाहेर काढलं, काळा थर सुरीनं नारळाची पाठ तासावी तसा तासला, उरलेलं फॉइलमध्ये घट्ट गुंडाळून परत दोन तास आत. पानं मांडली तेव्हा सव्वाअकरा झाले होते. पाहुण्यांनी तोवर फुगे, म्हणजे आमचे तळलेले गोल पाव, सोरपोतेलमध्ये, म्हणजे पोर्कच्या आंबट-तिखट रश्श्यात, बुडवून संपवले होते. चर्चमधली नाताळची मिस्सा चुकली ती वेगळी.

तेव्हापासून माझी पद्धत ठरलेली. मीठ-मिरी लावलेलं मांस फॉइलखाली १६० अंशांवर, सुरी लोण्यात जावी तशी आत जाईपर्यंत. मग फॉइल काढायचं, आच २०० करायची आणि शेवटच्या पंचवीस मिनिटांत ग्लेझचे तीन पातळ हात, दर आठ मिनिटांनी एक. ब्रशनं, पळीनं नाही. आणि लहान ओटीजी असेल तर जाळी सगळ्यात खालच्या खाचेत. उभट तुकडा वरच्या रॉडच्या दोन बोटं खाली आला की १६० काय नि २०० काय, तो भाजत नाही, जळतो. या पंचवीस मिनिटांत मोबाइल घेऊन बाल्कनीत जाऊ नका. मी स्टूल टाकून समोर बसते.

आता अननस. हा माझ्या भाच्यामुळे. वाशीला राहतो, एपीएमसीच्या फळबाजारातून स्वस्तात चार अननस आणले आणि उत्साहाच्या भरात दोन अननसांचा ताजा रस काढून त्यात मांस रात्रभर मुरवत ठेवलं. सकाळी फोन, "मावशी, हे चमच्यानं निघतंय." मी म्हटलं, छान, शिजल्यावर मऊ होईल. चूक माझीही. संध्याकाळी जाऊन बघितलं तर बाहेरचा अर्धा इंच पाण्यात पडलेल्या पावासारखा पिठूळ आणि आतला भाग नेहमीसारखाच घट्ट. न शिजवलेल्या अननसात ब्रोमेलिन नावाचं एन्झाइम असतं, ते मांसातली प्रथिनं तोडत बसतं. कबाबाला कच्ची पपई लावणाऱ्यांना हे सांगावं लागत नाही. चमचाभर वाटण, तेही तास-दोन तास, याच्यापुढे ते जात नाहीत. उपाय सोपा आहे: अननसाचा रस आधी पाच-सात मिनिटं खळखळून उकळा, ब्रोमेलिनचा जोर संपतो. डब्यातला अननस तापवूनच भरलेला असतो, त्याचा हा त्रास नाही. मी स्वतः रात्री फक्त मीठ लावते आणि फळ सगळं ग्लेझसाठी ठेवते. संत्र्याला ही भानगडच नाही, आणि नाताळच्या सुमारास नागपूरची संत्री बाजारात असतातच.

ग्लेझचं माझं माप: कपभर संत्र्याचा रस, तीन चमचे गूळ, चमचाभर व्हिनेगर, आलं, चिमूटभर बॉटल मसाला (आमचा ईस्ट इंडियन मिश्र मसाला). चमच्याच्या पाठीवर बोटानं रेघ ओढली आणि ती मिटली नाही की गॅस बंद. गार झाल्यावर आणखी घट्ट होतं, म्हणून कढईतच दाट होऊ देऊ नका. मिक्स फ्रूट जॅम थेट बाटलीतून फासणारेही आहेत. त्यांना मी नावं ठेवत नाही, पण त्यांच्याकडे जेवायलाही जात नाही. अगदीच वेळ नसेल तर त्या जॅममध्ये निदान व्हिनेगर तरी घाला.

बाकीच्या चुका पटापट सांगते. कोल्ड स्टोरेजवाल्याला, म्हणजे मांसाच्या दुकानदाराला, "अख्खा तुकडा, तोडू नका" असं आधी सांगा, नाहीतर तो सवयीनं करीचे तुकडे करून देतो आणि तुम्ही बघत राहता. गोठलेलं मांस सरळ ओव्हनमध्ये नको, आदल्या रात्री फ्रीजच्या खालच्या कप्प्यात उतरवा. ओटीजीच्या बटणावरच्या आकड्यावर विश्वास ठेवू नका, आत टांगायचा थर्मामीटर घ्या. कुरकुरीत कातडी आणि ग्लेझ एकाच तुकड्यावर मागू नका. पाक लागला की कातडी चामट होते, ती सोलून वेगळी भाजा.

लॉइन, म्हणजे पाठीचा तुकडा, घेतलात तर मात्र शोल्डरचे नियम विसरा. त्यात चरबी कमी, तीन तासांत त्याची चप्पल होते. डुकराचं मांस म्हणजे जंत, ही भीती आपल्याकडे खोल बसलेली आहे, आणि पूर्वी ती उगाच नव्हती. पण अमेरिकेच्या कृषी खात्यानंसुद्धा २०११ मध्ये अख्ख्या तुकड्यासाठी आतलं तापमान ७१ वरून ६३ अंशांवर आणलं, वर तीन मिनिटं थांबायचं. मी ७० पर्यंत नेते, मला तेवढं बरं वाटतं. शोल्डर ८५-९० ला जाऊ द्या, त्याशिवाय त्याचे धागे सुटत नाहीत.

बाहेर काढल्यावर वीस मिनिटं हात लावायचा नाही. घाईघाईनं कापलंत तर सगळा रस पाटावर वाहून जातो. या वीस मिनिटांत रिकाम्या झालेल्या ट्रेमध्ये कडकडीत पाणी ओतून ठेवा. ग्लेझ वाळून चिकटलं की घासणी झिजेल पण ते निघणार नाही.

भाचा यंदा पुन्हा अननसच करणार म्हणतोय. उकळून घेईन म्हणाला. मी सोरपोतेल जास्तीचं करून ठेवलंय.