हुर्राक-सोडा पाणचट होतोय? या चुका टाळा

मार्च ते मे हा गोव्यात हुर्राकचा हंगाम. काजूच्या बोंडांचा आंबवलेला रस भट्टीवर चढवला की पहिल्या खेपेला जे उतरतं ते हुर्राक. त्यात अल्कोहोल साधारण 15 टक्के. पुढच्या ऊर्ध्वपातनात तयार होते ती फेणी, सुमारे 42 टक्क्यांची. उंच ग्लास, बर्फ, लिंबू, मीठ, उभी चिरलेली हिरवी मिरची, वरून लिम्का किंवा सोडा, एवढीच हुर्राकची तयारी. तरीही घरी केलेल्या ग्लासातला फसफसाट दुसऱ्या घोटालाच संपलेला असतो, आणि मला त्याचं खरंच वाईट वाटतं, कारण बोंडांचा तो वास नाकापर्यंत पोचवतात ते बुडबुडेच.

सगळ्यात मोठी चूक मिठाची. ग्लास भरल्यावर वरून चिमूटभर मीठ टाकायचं, भस्सकन फेस वर येतो, बघायला छान वाटतं. मीही कित्येक वर्षं असंच करत होते. पण तो फेस म्हणजे निघून चाललेला वायू. मिठाच्या कणांच्या खडबडीत कडांवर बुडबुडे धरतात आणि सोड्यातला कार्बन डायऑक्साइड भराभर सुटतो. म्हणून मीठ आधी अर्ध्या लिंबाच्या रसात पूर्ण विरघळवा. त्यावर 60 मिली हुर्राक घाला आणि काय ढवळायचं ते इथेच ढवळून घ्या. मग बर्फ, आणि 120 ते 150 मिली सोडा अगदी शेवटी, ग्लास तिरका धरून कडेने. त्यानंतर चमचा तळाशी नेऊन एकदाच वर उचलायचा, बस्स.

दुसरं, कोमट सोडा. ‘बर्फ आहे की’ म्हणून कपाटातली बाटली तशीच ओतली जाते. 20 अंशांच्या पाण्यात जेवढा वायू मावतो, त्याच्या जवळजवळ दुप्पट 0 अंशाच्या पाण्यात मावतो. कोमट सोड्यातला वायू ओतता ओतताच उडतो, वर बर्फ वितळून पाणी वाढतं. हुर्राक, सोडा आणि जमलं तर ग्लाससुद्धा फ्रीजमध्ये ठेवा. फ्रीझरमध्ये मात्र नको. फेणी तिथे गोठत नाही, पण 15 टक्क्यांचं हुर्राक गोठायला लागतं, आणि सोड्याची काचेची बाटली फुटू शकते. सोडा लहान बाटलीतलाच घ्या. काल उघडलेल्या मोठ्या बाटलीत काही उरलेलं नसतं.

बर्फ मोठा हवा आणि ग्लास काठोकाठ भरेल इतका हवा. थोडा बर्फ लवकर वितळतो, भरपूर बर्फ टिकतो. त्यावर पांढरं हिव धरलं असेल तर पाण्याखालून काढा, नाहीतर तो खरखरीत थरही मिठासारखाच फेस काढतो. आणि बर्फाचा ट्रे बांगडा माशांच्या शेजारी ठेवला असेल तर तो बर्फ वापरूच नका.

पेय फार तिखट झालं? मिरचीचा तिखटपणा पाण्यापेक्षा अल्कोहोलमध्ये चांगला उतरतो, म्हणून ग्लास जितका रेंगाळेल तितका झणका वाढतो. बियांपेक्षा आतल्या पांढऱ्या शिरेत जास्त तिखट असतं, ती काढा. कडवट लागलं तर लिंबू सालासकट दाबून पिळलं गेलंय. गोडमिट्ट झालं तर लिम्का अर्धी करून बाकी साधा सोडा घाला. मला तरी नुसत्या लिम्कात बोंडांचा वास हरवल्यासारखा वाटतो.

हंगाम सरल्यावर फेणी वापरणार असाल तर माप बदला. 60 मिली फेणीत तेवढ्याच हुर्राकच्या जवळपास तिप्पट अल्कोहोल असतं; 30 मिली पुरे, सोडा तेवढाच. आणि गोव्याहून महाराष्ट्रात विनापरवाना बाटली आणणं हा गुन्हा आहे, तेव्हा हुर्राक प्यायचं तर हंगामात तिथेच, आणि गाडी दुसऱ्या कुणाच्या हाती देऊन.